‘मध्यम’ म्हणजे नेमकं किती? परिभाषासूचीतल्या एका शब्दाचं प्रकरण

पार्श्वभूमी

विज्ञान आणि आरोग्य या विषयांवर साध्या मराठीत माहितीपत्रकं काढणाऱ्या एका छोट्या गटाचं हे प्रकरण आहे. ओळख पटेल असे तपशील वगळले आहेत. गटात एक संपादक, दोन अनुवादक, एक वैद्यकीय सल्लागार, भूगोल आणि हवामान जाणणारी एक तज्ज्ञ, आणि मसुदे वाचकांपुढे ठेवून ते कसे समजतात हे पाहणारी एक कार्यकर्ती अशी सहा माणसं होती. हातात चाळीस पत्रकं. त्यातली निम्म्याहून अधिक तपासणीचे अहवाल समजावून सांगणारी होती: मूत्रपिंड, कान, हिमोग्लोबिन, नैराश्याची प्रश्नावली. उरलेली व्यायाम, हवेची गुणवत्ता, भूकंप, वारा, सूक्ष्मजीव, अणुभट्टी अशा विषयांवर होती.

लेखनाला हात घालण्याआधी गटाने परिभाषासूची केली. नियम सरळ होता: एका इंग्रजी संज्ञेला एकच मराठी शब्द, आणि तोच सगळीकडे. ‘माइल्ड’ला सौम्य, ‘मॉडरेट’ला मध्यम, ‘सिव्हिअर’ला तीव्र. हा नियम मुळात चुकीचा नव्हता. एकच संज्ञा एका पानावर ‘माफक’, दुसऱ्यावर ‘मध्यम’ आणि तिसऱ्यावर ‘साधारण’ झाली की वाचकाला त्या तीन वेगळ्या गोष्टी वाटतात. सूची पक्की झाली, संगणकावर एका झटक्यात सगळ्या मसुद्यांतले शब्द बदलले गेले, आणि ‘मध्यम’ हा शब्द चाळीस पत्रकांत मिळून एकशे बारा ठिकाणी जाऊन बसला.

अडचण

मसुदा वाचून घेण्याची पद्धत ठरलेली होती. वाचकाने पत्रक वाचायचं, मग ते पालथं ठेवायचं आणि दोन प्रश्नांची उत्तरं द्यायची. काय लिहिलं आहे ते तुमच्या शब्दांत सांगा. आणि हा अहवाल तुमचा असता तर उद्या काय केलं असतं? यातला दुसरा प्रश्न खरा महत्त्वाचा. पहिल्याचं उत्तर पत्रकातलेच शब्द परत म्हणून देता येतं, दुसऱ्याचं देता येत नाही.

मूत्रपिंडाच्या पत्रकात एक नमुना अहवाल होता. ईजीएफआर ४१, तीन महिन्यांपूर्वीचा आकडा ४३, शेरा ‘कार्यक्षमतेत मध्यम घट’. एका वयस्कर वाचकाशी झालेलं बोलणं कार्यकर्तीने जसंच्या तसं टिपून ठेवलं:

“काका, हा अहवाल तुमचाच आहे असं धरा. काय समजलात?”

“मध्यम म्हणजे ठीकच की. वाईट असतं तर तीव्र लिहिलं असतं.”

“मग आता काय कराल?”

“काय करायचंय? पुढच्या वर्षी परत तपासू.”

काकांनी पत्रक नीट वाचलं होतं. ‘मध्यम’चा जो अर्थ त्यांनी लावला तो रोजच्या मराठीत अगदी बरोबर आहे. चूक पत्रकाची होती. ईजीएफआर म्हणजे मूत्रपिंडं दर मिनिटाला किती मिलिलिटर द्रव गाळतात याचा अंदाज, शरीराचा पृष्ठभाग १.७३ चौरस मीटर धरून काढलेला. हा आकडा ९० किंवा अधिक असेल तर गाळण्याची क्षमता सामान्य, ६० ते ८९ सौम्य घट, ४५ ते ५९ सौम्य ते मध्यम, ३० ते ४४ मध्यम ते तीव्र, १५ ते २९ तीव्र, आणि १५ च्या खाली मूत्रपिंड निकामी. म्हणजे ४१ ला मूळ वर्गीकरणातला शेरा ‘मध्यम ते तीव्र’ असा आहे. तक्त्याचा रकाना अरुंद होता म्हणून अनुवादकाने ‘ते तीव्र’ हे दोन शब्द गाळले. घट तीन महिने टिकलेली आहे आणि निम्म्याहून अधिक क्षमता गेलेली आहे. अशा माणसाने लघवीतलं अल्ब्युमिन हे प्रथिन तपासायचं असतं, रक्तदाबावर लक्ष ठेवायचं असतं, वेदनाशामक गोळ्या परस्पर घ्यायच्या नसतात, आणि मूत्रपिंडावाटे बाहेर पडणाऱ्या औषधांच्या मात्रा डॉक्टरांकडून तपासून घ्यायच्या असतात. हे सगळं ‘पुढच्या वर्षी बघू’मध्ये बुडालं.

दुसरा धक्का व्यायामाच्या पत्रकाने दिला. ‘आठवड्याला १५० ते ३०० मिनिटं मध्यम तीव्रतेची शारीरिक हालचाल करावी’ ही जागतिक आरोग्य संघटनेची २०२० ची शिफारस त्यात होती. एक वाचक म्हणाल्या, मी रोज करते, जेवणानंतर अंगणात रमतगमत फिरते. दुसऱ्या वाचकाला त्याच ओळीतला ‘तीव्रतेची’ हा शब्द खटकला. हा प्रकार आपल्यासारख्यांसाठी नाही, असं म्हणून त्यांनी पत्रक बाजूला ठेवलं. एकाच शब्दजोडीतून एकीने ‘मध्यम’ उचललं, दुसऱ्याने ‘तीव्र’, आणि दोघंही शिफारशीपासून लांबच राहिले.

अणुभट्टीच्या पत्रकात तर संगणकानेच घोळ घातला. न्यूट्रॉनांचा वेग कमी करणाऱ्या द्रव्याला इंग्रजीत ‘मॉडरेटर’ म्हणतात आणि त्याला मराठी भौतिकशास्त्रात ‘मंदायक’ हा चांगला शब्द आहे. सूचीप्रमाणे आपोआप बदल करताना तिथे ‘मध्यमकारक’ असं काहीतरी उमटलं. ही चूक छापण्याआधी पकडली गेली, पण तिने गटाला विचारात पाडलं. युरेनियम-२३५ च्या विखंडनातून, म्हणजे अणुकेंद्र फुटण्यातून, बाहेर पडणाऱ्या न्यूट्रॉनांची ऊर्जा साधारण २० लाख इलेक्ट्रॉन-व्होल्ट असते. जड पाणी किंवा ग्रॅफाइट तिला ०.०२५ इलेक्ट्रॉन-व्होल्टच्या आसपास आणतं, आणि अशा मंद न्यूट्रॉनाने पुढचं विखंडन घडण्याची शक्यता शेकडो पटींनी वाढते. म्हणजे इथे मंद करण्याने साखळी प्रक्रिया थंडावत नाही, ती चालू राहते. ‘मॉडरेट करणं म्हणजे जोर कमी करणं’ हा रोजच्या भाषेतला समज इथे पार उलटा पडतो.

शब्द कुठे घसरतो

रोजच्या मराठीत ‘मध्यम’ हा दिलासा देणारा शब्द आहे. ‘अति तेथे माती’ हे ज्या भाषेत लहानपणापासून कानावर पडतं, तिथे जे अति नाही ते आपोआप बरं ठरतं. मध्यम उंची, मध्यम आवाज, मध्यम वेग, यांत कुठेही इशारा नाही. उत्तम, मध्यम, कनिष्ठ या उतरंडीत शब्दाला किंचित नाराजीची छटा येते, पण धोक्याची तिथेही येत नाही. त्याच्या शेजारचा ‘मवाळ’ घ्या. १९०७ साली सुरतेला काँग्रेस फुटली, तिच्या दोन बाजूंना मराठी आजही मवाळ आणि जहाल म्हणते. मवाळ कोण, हे समोर जहाल कोण उभं आहे त्यावरून ठरलं. एकट्या माणसाकडे बघून तो शब्द लावता येत नाही.

विज्ञानातला ‘मध्यम’ही तसाच दुसऱ्यांच्या आधाराने उभा असतो. तो सांगतो इतकंच की एक पट्टी आहे, तिच्यावर दोन हद्दी आखल्या आहेत आणि आपला आकडा त्या दोन हद्दींच्या मधे पडतो. पट्टी कुठून सुरू होते, पायऱ्या सारख्या आहेत का, ती कोणाला नजरेपुढे ठेवून आखली, यातलं काहीच तो सांगत नाही. गटाने एकशे बारा जागा तपासल्या तेव्हा चार तऱ्हांच्या पट्ट्या हाती लागल्या, आणि सगळा गोंधळ त्या चार पट्ट्यांना एकच शब्द लावल्यामुळे झाला होता.

काही पट्ट्यांत निरोगी अवस्था मधोमध असते आणि दोन्ही टोकं वाईट असतात. रक्तातलं पोटॅशियम लिटरमागे साधारण ३.५ ते ५ मिलिमोल असावं. त्याहून फार कमी झालं तरी हृदयाची लय बिघडते आणि फार वाढलं तरी बिघडते. शरीराचं तापमानही असंच. इथे मधे असणं म्हणजे चांगलं असणं, रोजच्या भाषेशी पूर्ण जुळणारं.

बहुतेक वैद्यकीय अहवालांतली पट्टी मात्र वेगळी. तिच्या एका टोकाला निरोगी अवस्था असते आणि दुसऱ्या टोकाला मरण किंवा कायमचं नुकसान. तिच्यावरच्या ‘सौम्य’पासूनच बिघाड सुरू झालेला असतो आणि ‘मध्यम’ म्हणजे बिघाड बराच पुढे गेलेला असतो. शरीराचं तापमान २८ ते ३२ अंश सेल्सिअसच्या दरम्यान उतरलं तर त्याला मध्यम शीताघात म्हणतात. या अवस्थेत माणसाचं थरथरणं थांबू लागतं, शुद्ध हरपू लागते, हृदयाची लय बिघडू शकते. डोक्याला मार लागल्यावर, शुद्ध किती आहे हे मोजणाऱ्या ग्लासगो मापनात १५ पैकी ९ ते १२ गुण म्हणजे मध्यम इजा. नैराश्याच्या पीएचक्यू-९ प्रश्नावलीत २७ पैकी १० ते १४ म्हणजे मध्यम, आणि १० हाच तो आकडा आहे जिथून पुढे नीट वैद्यकीय तपासणी करावी असं मानलं जातं. कोविडच्या वर्गीकरणात जागतिक आरोग्य संघटनेचं ‘मध्यम’ म्हणजे न्यूमोनियाची लक्षणं दिसत आहेत, पण रक्तातला ऑक्सिजन साध्या हवेत ९० टक्क्यांच्या खाली गेलेला नाही. न्यूमोनियाला मराठीत कोणीही बेताचा आजार म्हणणार नाही.

ढीग लावून झाले तेव्हा एकशे बारापैकी निम्म्याहून अधिक जागा या दुसऱ्या पट्टीच्या निघाल्या.

तिसरी तऱ्हा विषम पायऱ्यांची. ५ ते ५.९ महत्तेच्या, म्हणजे मॅग्निट्यूडच्या, भूकंपाला मध्यम म्हणायची पद्धत आहे. वाचकांना वाटलं, पट्टी दहापर्यंतची, म्हणजे हा सर्वांत मोठ्या भूकंपाच्या निम्मा. प्रत्यक्षात महत्ता एकाने वाढली की नोंदलेली थरथर दहा पटींनी आणि बाहेर पडणारी ऊर्जा सुमारे ३२ पटींनी वाढते. ५ आणि ८ यांच्या ऊर्जेत ३० हजार पटींहून अधिक अंतर आहे, त्यामुळे ‘निम्मा’ला काही अर्थ उरत नाही. शिवाय जमिनीजवळ उगम असलेला ५.५ चा धक्का कच्च्या घरांच्या वस्तीत माणसं मारतो आणि खोल उगमाचा ६ चा धक्का कधी नुसता जाणवून जातो. महत्तेला लावलेलं विशेषण नुकसानीबद्दल जवळजवळ काहीच सांगत नाही.

चौथी तऱ्हा सर्वांत फसवी, कारण ती स्वाभाविक वाटते. सूक्ष्मजीवशास्त्रात साधारण २० ते ४५ अंशांत चांगले वाढणारे जीव मध्यतापी, त्याहून जास्त उष्णतेत वाढणारे तापप्रिय. मध्य कोणाचा? आपला. आपल्याला रोगी करणारे बहुतेक जीवाणू ३७ अंशांना वाढतात म्हणून तो मध्य ठरला. मिथेनोपायरस कँडलरी या सूक्ष्मजीवाचा एक वाण दाबाखाली १२२ अंशांना वाढताना नोंदला गेला आहे. त्याच्या दृष्टीने आपली खोली हीच अतिरेकी थंड जागा. भूगोलातला ‘समशीतोष्ण कटिबंध’ही याच जातीचा. साडेतेवीस ते साडेसहासष्ट अक्षांशांच्या या पट्ट्याच्या नावातच सम आहे, पण सैबेरियातलं ओयम्याकॉन त्याच पट्ट्यात येतं आणि तिथे १९३३ च्या फेब्रुवारीत उणे ६७.७ अंश तापमान नोंदलं गेलं. नाव सूर्यकिरणांच्या कलावरून पडलं, हवेवरून नाही.

विचारात घेतलेले पर्याय

पहिला पर्याय सर्वांत स्वस्त होता: शब्द तसाच ठेवायचा आणि शेवटी अर्थाची सूची द्यायची. कार्यकर्तीने तो लगेच बाद केला. वाचून घेण्याच्या फेऱ्यांत शेवटचं पान कोणी उलटलेलं तिला दिसलं नव्हतं.

दुसरा पर्याय अनुवादकांचा: दुसऱ्या तऱ्हेच्या पट्ट्यांसाठी ‘मध्यम’ काढून इशारा देणारा शब्द वापरायचा. ‘बऱ्यापैकी घट’, ‘लक्षणीय घट’ असे शब्द पुढे आले. पण ‘बऱ्यापैकी’मध्ये ‘बरं’ आहे, ‘बऱ्यापैकी गुण मिळाले’ असंच आपण म्हणतो. ‘लक्षणीय’ संख्याशास्त्राने आधीच घेतलेला, तिथे त्याचा अर्थ ‘योगायोगाने घडण्याची शक्यता कमी’ असा ठरलेला. खरा आक्षेप मात्र वैद्यकीय सल्लागारांचा होता. वाचकाच्या हातातल्या अहवालावर ‘मॉडरेट’ छापलेलं असतं, डॉक्टरही तोच शब्द बोलतात. पत्रकाने दुसराच शब्द दिला तर वाचक दोन्हींची सांगड घालणार कशी? या एका मुद्द्यावर सगळ्यात जास्त वेळ गेला, आणि तो जायलाच हवा होता.

तिसरा पर्याय, विशेषणं काढून फक्त आकडे द्यायचे. अचूक, पण मुका. ४१ वाचून काहीजणांना ते शंभरपैकी गुण वाटले आणि पास होण्यापुरते आहेत म्हणून समाधानही वाटलं. रंगांचा विचार झाला, मध्यमला पिवळा. पण पिवळाही ‘अजून वेळ आहे’ असंच सांगतो, आणि पत्रकं पुढे काळ्या-पांढऱ्या छायाप्रतींतून फिरतात तेव्हा रंग उरतच नाही.

निर्णय

गटाने शब्द ठेवला आणि त्याला एकटं सोडायचं नाही असं ठरवलं. अहवालाशी जोडलेल्या प्रत्येक जागी चार गोष्टी सोबत हव्यात: पट्टी कुठून कुठे जाते, किती पायऱ्यांपैकी ही कितवी, या पायरीवर शरीरात काय झालेलं असतं, आणि आता करायचं काय. जिथे शब्द अहवालातला नाही, नुसता सल्ल्यातला आहे, तिथे तो काढून जाणवणारी खूण द्यायची.

घाबरवण्याचा धोका होता, आणि वैद्यकीय सल्लागारांनी तो स्पष्ट मांडला. ऐंशी वर्षांच्या माणसाचा ईजीएफआर ५८ आणि तिशीतल्या माणसाचा ४१ यांचा अर्थ एक नाही. वयाबरोबर हा आकडा उतरतोच. म्हणून चौथी गोष्ट, म्हणजे पुढचं पाऊल, भीतीच्या शब्दांत न लिहिता कामाच्या शब्दांत लिहायची असं ठरलं: कोणती तपासणी, किती दिवसांत, कोणाला विचारून.

काय केलं

आधी शोध. ‘मध्यम’सोबत सौम्य, माफक, साधारण, सम- हेही शब्द शोधले, कारण आजार एकाच शब्दाचा नव्हता. प्रत्येक जागेसाठी एक कार्ड केलं: पट्टीचं नाव आणि वर्ष, पट्टी कुठून सुरू होते, दोन्ही हद्दी, एकक, कोणाला लागू, आणि ही पायरी लागली की कृतीत काय बदलतं. शेवटचा रकाना भरता आला नाही तर ते विशेषण पत्रकात कशाला हवं, हा प्रश्न विचारायचा. पुष्कळ जागी विशेषण तिथेच गळालं. भूकंपाच्या पत्रकातून ‘मध्यम’ पूर्ण गेला आणि महत्ता, उगमाची खोली व ३२ पटींची एक ओळ उरली.

मूत्रपिंडाचा मजकूर असा झाला: ‘तुमचा आकडा ४१. ही पट्टी निरोगी मूत्रपिंडापासून सुरू होते आणि निकामी मूत्रपिंडाशी संपते. सहा पायऱ्यांपैकी ही चौथी आहे. अहवालात हिला “मध्यम ते तीव्र घट” म्हणतात. इथे बहुतेकांना काहीच त्रास जाणवत नाही, म्हणून त्रासाची वाट बघू नका. लघवीतलं अल्ब्युमिन तपासलं आहे का, ते विचारा. घेत असलेल्या सगळ्या गोळ्या डॉक्टरांना दाखवा, दुखण्यावरच्या सुद्धा.’ तक्त्याचा रकाना रुंद केला. गाळलेले दोन शब्द परत आले.

व्यायामात ‘मध्यम तीव्रता’ काढून ‘श्वास वाढेल, अंग गरम होईल, बोलता येईल, पण गाता येणार नाही’ असं लिहिलं.

वाऱ्याच्या पत्रकात एक जुनी गाठ सापडली. ब्यूफोर्ट मापनात चौथ्या क्रमांकाचा वारा, ताशी २० ते २८ किलोमीटर, ‘मॉडरेट’ झुळूक. जुन्या नावांत सातव्या क्रमांकालाही, ताशी ५० ते ६१ किलोमीटरला, ‘मॉडरेट’ वादळी वारा म्हणत. एका स्रोतातून एक, दुसऱ्यातून दुसरं घेतल्याने एकाच पानावर दोन मध्यम आले होते. क्रमांक आणि वेग ठेवले, विशेषणं काढली.

काय बिघडलं

कानाचं पत्रक दोनदा फसलं. जागतिक आरोग्य संघटनेच्या १९९१ च्या वर्गीकरणात दोन्हींतल्या चांगल्या कानाचा उंबरठा, म्हणजे त्या कानाला ऐकू येणारा सर्वांत हळू आवाज, २६ ते ४० डेसिबेल असेल तर ती पहिली, हलकी पायरी होती आणि ४१ ते ६० मध्यम. २०२१ च्या श्रवण अहवालात हद्दी सरकल्या: २० पासून सौम्य, ३५ पासून मध्यम, ५० पासून मध्यम-तीव्र. पत्रकातला तक्ता नवा होता आणि नमुन्याचा अहवाल जुना. ३७ डेसिबेलचा कान तक्त्यात मध्यम आणि नमुन्यात हलका. कान तोच, पट्टी बदलली. कार्डावर वर्ष लिहायचा रकाना होता, पण नमुन्यांसाठी कार्ड केलंच नव्हतं.

ते दुरुस्त झाल्यावर हद्दींची चूक निघाली. ‘२० ते ३५’, ‘३५ ते ५०’ असं लिहिलं होतं, मग नेमका ३५ कुठे धरायचा? ‘३५ किंवा अधिक, पण ५० पेक्षा कमी’ अशी वाक्यरचना सगळीकडे करावी लागली. जरा लांबते, पण पर्याय नाही. आणि ‘कितवी पायरी’ सांगताना आणखी एक गोष्ट उघड झाली. २०२१ च्या पट्टीत सामान्य धरून सात पायऱ्या आहेत आणि मध्यम तिसरी. मधोमध चौथी ‘मध्यम-तीव्र’ आहे. म्हणजे मध्यम हे नाव असलेली पायरी पट्टीच्या मध्यावरही नव्हती.

व्यायामाची गाण्याची खूणही टिकली नाही. ज्यांना गायची सवयच नाही त्यांना ती लावून बघता येईना. तिच्या जागी ‘पूर्ण वाक्य बोलता येईल, पण दोन वाक्यांमध्ये श्वास घ्यायला थांबावं लागेल’ असं केलं. त्यामागे एक खोल अडचण होती, जी पहिल्या मसुद्यात कोणाच्या लक्षात आली नव्हती. शांत बसलेल्या शरीराचा ऊर्जाखर्च म्हणजे एक मेट. ३ ते ६ मेटच्या दरम्यानची हालचाल मध्यम. ज्याची कमाल क्षमता १० मेट आहे त्याला ४ मेटचं चालणं सोपं जातं. ज्याची कमाल क्षमताच ५ मेट आहे, त्याची त्याच चालण्याने ८० टक्के ताकद खर्ची पडते. तक्ता दोघांनाही मध्यमच म्हणतो. म्हणून पत्रकात मेटचा तक्ता न देता श्वासाची खूण दिली, कारण ती माणसागणिक आपोआप बदलते.

हवेच्या पत्रकाला मात्र शेवटपर्यंत समाधानकारक उत्तर मिळालं नाही. अमेरिकेच्या हवा-गुणवत्ता निर्देशांकात ५१ ते १०० ला ‘मॉडरेट’ हे जे नाव आहे, तेच भारताच्या निर्देशांकात १०१ ते २०० ला आहे, आणि दोन्ही निर्देशांक काढण्याची रीतही वेगळी. फोनवरचं अॅप कोणती पट्टी वापरतं हे वाचकाला सहसा कळत नाही. ‘आकडा बघताना तो कोणत्या देशाच्या निर्देशांकाचा आहे ते आधी बघा’ एवढंच लिहिता आलं.

निष्पत्ती

दुसऱ्या फेरीसाठी नवे वाचक घेतले. पहिल्यांना उत्तर काय अपेक्षित आहे याचा अंदाज आला होता. मूत्रपिंडाचं पत्रक पालथं ठेवल्यावर ‘उद्या काय कराल’ला आता बहुतेकांनी निदान एक ठोस काम सांगितलं, आणि सर्वांत जास्त लक्षात राहिली ती गोळ्या दाखवण्याची ओळ. ‘पुढच्या वर्षी बघू’ हे उत्तर पूर्ण गेलं नाही. ज्यांना दिसत नसलेला त्रास खरा वाटत नाही, त्यांच्यापुढे शब्द बदलून भागत नाही.

नैराश्याच्या पत्रकात १२ गुणांच्या नमुन्यावर आधी ‘थोडं उदास वाटतंय’ अशी उत्तरं येत होती. ‘ही पायरी आपोआप जाईल म्हणून थांबायची नाही, बोलायची आहे’ ही ओळ आल्यावर वाचकांनी ‘कोणाशी बोलायचं?’ असा प्रश्न उलट विचारला. पत्रकात त्याचं उत्तर नव्हतं, ते नंतर घातलं.

किंमतही मोजावी लागली. पत्रकं सरासरी पाव पानाने लांबली आणि छपाई तीन आठवडे पुढे गेली.

वेगळं काय करता आलं असतं

सूची शब्दाला धरून न करता वापराला धरून करायला हवी होती: ‘मॉडरेट, आजाराची पायरी’, ‘मॉडरेट, व्यायाम’, ‘मॉडरेटर, अणुभट्टी’ अशा स्वतंत्र नोंदी. एका संज्ञेला एकच शब्द हा नियम एकाच अर्थापुरता खरा आहे, आणि अर्थ एक आहे का हे तपासायचं काम संगणकाच्या झटक्याआधीचं आहे. सगळीकडे एकदम बदल करण्यापेक्षा एकेक जागा दाखवत ‘बदलू का’ विचारणारी सोय वापरली असती तरी ‘मध्यमकारक’ तिथेच अडकला असता.

वाचकांची पहिली फेरी चाळीस मसुदे पूर्ण झाल्यावर झाली. तीन पत्रकांनंतर झाली असती तर अडचण तिथेच दिसली असती, कारण काकांचं उत्तर अपवादाचं नव्हतं.

एक मतभेद मिटलेला नाही. सगळी धावपळ ‘मध्यम’मागे झाली आणि ‘सौम्य’ तसाच राहिला. गर्भवती नसलेल्या स्त्रीचं हिमोग्लोबिन डेसिलिटरमागे ११ ते ११.९ ग्रॅम असेल तर तिला सौम्य रक्तक्षय आहे असं म्हणतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०११ साली या हद्दी देतानाच तळटीप जोडली होती की ‘सौम्य’ हे नाव दिशाभूल करणारं आहे, कारण रक्तक्षय दिसेपर्यंत लोहाची कमतरता बरीच वाढलेली असते. वर्गीकरण करणाऱ्यांनाच शब्द पटत नव्हता, तरी तो अहवालांत छापला जातो. वैद्यकीय सल्लागारांचं म्हणणं, पत्रकातून ‘सौम्य’ काढा. अनुवादकांचं म्हणणं, अहवालावर तो शब्द आहे तोवर काढू नका, नाहीतर वाचकाला जोडणारा धागाच तुटेल. सध्याच्या पत्रकात शब्द आहे आणि त्याच ओळीत ‘पण लोह आधीच बरंच कमी झालेलं असतं’ हेही आहे. पुढच्या आवृत्तीआधी दोन्ही मसुदे वाचकांपुढे जाणार आहेत.